एक्स-रेच्या खोक्यावरचं नाव

आईच्या छातीचा एक्स-रे काढायला गेलो, तर कोऱ्या फिल्मच्या खोक्यावर ओळखीचं नाव दिसलं. आमच्या लहानपणी कॅमेऱ्यात याच कंपनीचा रोल असायचा. मोबाइल आले, रोल गेले, तेव्हा मी या कंपनीलाही मनातल्या मनात पोचवून आलो होतो. तिच्या रोलच्या काळ्या डबीत आई अजून जायफळ ठेवते, तेवढीच काय ती आठवण. आणि ही इथे दवाखान्यात मस्त बस्तान बसवून होती! चेहऱ्यांचं गिऱ्हाईक आटलं म्हणून बरगड्यांवर आली होती. मला उगाचच बरं वाटलं.

"आजी, हनुवटी वर. हलू नका हं," मशीनवरची मुलगी म्हणाली.

आईनं पटकन केस सारखे केले आणि छान हसली.

"अहो, यात चेहरा येत नाही!"

"न येईना का," आई म्हणाली.

डॉक्टर म्हणाले, काही काळजी नाही. घरी आल्यावर आईनं फिल्म खिडकीच्या उजेडात धरली, पूर्वी निगेटिव्ह धरायची तशी. आपल्या बरगड्या बराच वेळ न्याहाळल्या आणि समाधानानं म्हणाली, "बरी आलेय की मी."