गच्चीवरून फिरवलेली अँटेना

आमच्या घरातला सर्वांत मोठा निर्णय झाला तेव्हा घरचा कर्ता पुरुष (म्हणजे मी) मुलुंडच्या आमच्या इमारतीच्या गच्चीवर, भर उन्हात, टीव्हीची अँटेना धरून उभा होता.

टीव्हीवर दुपारचे कार्यक्रम तेव्हा नवेनवेच होते. माझा धाकटा भाऊ शरद मरोळला कारखान्यात नोकरीला. लग्नाचा विषय निघाला की त्याला तहान लागायची आणि तो उठून जायचा. पण मी कसला ऐकतो! रविवारी नाहूरला मुलगी बघायचं ठरवूनच टाकलं. तर शनिवारी या पठ्ठ्याने रजा टाकली आणि आईला टीव्हीसमोर बसवलं.

"दादा, आजची चर्चा आईने बघायलाच हवी. कावळ्यांनी अँटेना वाकवलीय. जरा धरशील?"

कसली चर्चा, हे मी विचारलंच नाही. आईला मोतीबिंदू; असेल डोळ्यांचं काहीतरी.

चर्चा होती पुरुषांवर प्रेम करणाऱ्या पुरुषांची, आणि अशा एका मुलाची आई स्वतः बोलायला आली होती. हे मला नंतर कळलं. वर माझ्यापर्यंत पोचत होत्या फक्त तिसऱ्या मजल्यावरच्या परबकाकू. शरद खिडकीतून त्यांना सांगे, त्या मान वर करून मला. डावीकडे घे. घेतली. जरा मागे. घेतली.

"आता हलव नको, झकास दिसता हा!"

मी श्वाससुद्धा बेताने घेऊ लागलो. मग खालून शरदचा आवाजच बंद झाला. काकू जिना उतरून आमच्या दारात डोकावून आल्या आणि खिडकीतून ओरडल्या, "अरे, तुझी आई रडता हा!"

चित्र गेलं असणार, दुसरं काय! मी सगळा जोर लावून अँटेना फिरवली. पार मानखुर्दच्या दिशेला.

खाली टीव्हीवर नेमकं त्याच क्षणी त्या मुलाच्या आईला विचारलं होतं, "मुलाने सांगितल्यावर तुम्ही काय म्हणालात?" बाईंनी तोंड उघडलं आणि पडदाभर मुंग्या! आवाजाचीही नुसती खरखर.

आईने पदराने डोळे पुसले. "काय म्हणाली असेल रे ती?"

"तू काय म्हणाली असतीस?" शरदने विचारलं.

आईने उठून मुंग्यांसकट टीव्ही बंद केला म्हणे. मग म्हणाली, "तो तुझा मरोळचा मनोहर दर रविवारी दारातूनच परत जातो. उद्या त्याला जेवायला थांबव."

मला गच्चीवर काकूंकडून निरोप मिळाला: नाहूरचं रद्द, उद्या घरी कोलंबी, "आणि तू खाली ये रे, टीव्ही कधीचो बंद झालो."

नाक सोलवटून खाली आलो आणि विचारलं, "नीट दिसलं ना सगळं?" दोघं माझ्याकडे बघून जी हसत सुटली!

दादामुळेच जमलं, असं शरद आजही मनोहरसमोर सांगतो. खरं आहे. त्याच्यासाठी मी केलेली एकुलती एक उपयोगी गोष्ट म्हणजे ऐन वेळी अँटेना चुकीच्या दिशेला फिरवली. जे नीट विचार करून केलं होतं, ते नाहूरला जाऊन, हात जोडून, रद्द करून यावं लागलं.