सिंधूबाईंच्या शेजारची जागा

निवृत्त होऊनही गोपीनाथ साळवे आम्हां भोपाळच्या ख्रिस्ती लोकांसाठी बिशपसाहेबच राहिले. त्यांचे वडील नाशिकहून इथल्या भेलच्या कारखान्यात फिटर म्हणून आले होते. घर जुन्या अँग्लिकन वळणाचे, प्रार्थना ठरल्या वेळी आणि गुडघे टेकूनच. मुलगा पाळक झाला, इटारसी आणि खांडव्याच्या लहान मंडळ्यांत राबला आणि अखेर बिशप म्हणून भोपाळला परतला. आताचे बिशप प्रसाद लहान असताना त्यांच्या डोक्यावर हात ठेवून मंडळीत घेण्याचा दृढीकरणाचा विधी याच साहेबांनी केला होता.

करोनाच्या दुसऱ्या लाटेत आमची दफनभूमी भरत आली. ऐपतीची घरे नवराबायकोसाठी शेजारच्या जागा राखून ठेवत आणि गरिबाचे शव फाटकात खोळंबून राही. तेव्हा साहेबांनी नियम केला की यापुढे कुणी जागा राखायची नाही, जो आधी जाईल त्याला रांगेतली पुढची कबर. मी समितीत होतो. नियम मला पटला आणि आजही पटतो.

त्याच आठवड्यात इंदुमतीबाईंचे यजमान गेले. बाई साहेबांच्या कार्यालयात येऊन उभ्याच राहिल्या.

"आमचं लग्न तुम्हीच लावलंत, साहेब. आता वेगळं का करताय?"

"बाई, मेल्यानंतर जागेला काही अर्थ नसतो," साहेब म्हणाले.

दुसऱ्याच दिवशी यजमानांच्या शेजारी एका अनोळखी माणसाला पुरले.

साहेब निवृत्त होऊन बाग सेवनिया वस्तीत राहायला आले. गेल्या दिवाळीनंतर त्यांच्या पत्नी सिंधूबाई गेल्या. त्यांची कबर रांगेत शेवटून दुसरी. पलीकडे एकच जागा उरली होती, मग भिंत. दफन आटोपले तरी साहेब त्या मोकळ्या मातीकडे बघत उभे होते. प्रसाद हळूच म्हणाले, "सर, तुम्ही नुसतं म्हणा, नियम मी बदलतो." साहेबांनी नकारार्थी मान हलवली. इंदुमतीबाई चार पावलांवरच उभ्या होत्या.

पण त्या दिवसापासून साहेब बदलले. मंडळीत कुणी आजारी पडल्याचे कळले की तडक निघत. मला वाटे, दुःखावर हा त्यांनी शोधलेला उपाय असावा. रक्तदाबाच्या गोळ्या मात्र त्यांनी बंद केल्या. मुलगी शिल्पा नागपूरहून फोनवर भांडे, तर म्हणत, "अगं, आता किती दिवस ओढायचं?"

त्या हिवाळ्यात मंडळीत कुणी गेले नाही. फेब्रुवारीत इंदुमतीबाईंना अरेरा कॉलनीतल्या एका इस्पितळात हलवले. साहेब रोज जाऊ लागले. मी त्यांना स्कूटरवरून नेत असे. खाटेपाशी फरशीवर गुडघे टेकून ते बाईंच्या आयुष्यासाठी मागत. देवाशी अशी झटापट करताना मी त्यांना कधी पाहिले नव्हते. घामाने त्यांची पांढरी कॉलर ओली होई.

एका दुपारी बाईंनी डोळे उघडले. आवाज बारीक होता, पण शब्द स्वच्छ.

"साहेब, हे माझ्यासाठी मागताय की त्या जागेसाठी?"

साहेबांनी खाटेचा कठडा धरला. गुडघ्यांवरून उठता येईना. मी हात दिला.

"माझ्यासाठी पण मागा थोडं," बाई म्हणाल्या आणि हसल्या. "इतक्या लांब आलाच आहात तर."

रविवारी त्या गेल्या.

अंत्यविधी साहेबांनीच करावा, असे बाई आपल्या मुलाला सांगून गेल्या होत्या. प्रसादांनी तयारी दाखवली, पण साहेबांनी पुस्तक हातात घेतले. सिंधूबाईंच्या कबरीला लागूनच खड्डा खणलेला होता. वाचन सुरळीत झाले. मातीला माती म्हणायची वेळ आली तेव्हा त्यांनी मूठभर माती उचलली. मूठ मात्र मिटलेलीच राहिली. शेवटी ते शब्द प्रसादांनी म्हटले आणि बाकीच्यांनी माती टाकली.

माणसे पांगल्यावर साहेबांनी मला विचारले, "गोविंदराव, आता पुढची कबर कुठे?"

"नवी रांग फाटकाजवळून सुरू होते, साहेब."

ते काठी टेकत फाटकापर्यंत गेले आणि मागे वळले. मधे करोनाच्या साली मांडलेले क्रूसच क्रूस. सिंधूबाईंचा क्रूस त्यांतून दिसणे शक्य नव्हते. बराच वेळ ते तिकडे बघत राहिले. मुठीतली माती अजून तशीच होती.

त्यानंतर मंडळीत कितीतरी जण आजारी पडले. साहेबांना मी दर वेळी निरोप पाठवतो. ते कुणाच्याही भेटीला जात नाहीत.