औशाच्या माळावर कोकराची माफी मागताना

नणंदेचा फोन आला, की रानात मेंढ्या बसल्यात, परवा वाडा हलणार, यायचं तर उद्याच या. रजा टाकली, लेकीला तिच्या बाबांच्या हवाली केलं आणि नांदेडहून सकाळची लातूर एसटी धरली. (बायांनो, आपल्याला अर्धं तिकीट. निघाच!) लातूरला बस बदलून औसा. स्टँडवर भजी खाऊन घ्या, पुढं माळावर चहासुद्धा मिळत नाही. तिथून नणंदेची स्कूटी.

माळ म्हणजे नुसतं आभाळ अन् कुसळं. त्यात धनगरांचा वाडा, म्हणजे जाळीचं कुंपण, तीन दगडांची चूल आणि अख्खा संसार पाठीवर नेणारी एक घोडी. भाकरी थापता थापता वाड्यातल्या मालनबाई सांगत होत्या. रात्री मेंढ्या शेतात बसवायच्या, लेंड्यांचं खत शेतकऱ्याला, त्याबदल्यात ज्वारी यांना. भाकरीवर लसणाची चटणी होती, मी तीन खाल्ल्या.

दुपारी एक मेंढी व्याली. ओलं कोकरू बघून मला कुठला दम निघतोय? उचललं, पोटाशी धरलं. खाली ठेवलं तर मेंढीनं हुंगून त्याला ढुशी दिली. ते पुन्हा गेलं, पुन्हा ढुशी. मालनबाईंनी माझा हात नाकाशी नेला. गुलाबाची हँडक्रीम! कुठून दुर्बुद्धी सुचली मला.

"वासावरच वळखती ती लेकराला," त्या म्हणाल्या. चिडल्या नाहीत, तेच जास्त लागलं. आईनं दूध दिलं न्हाई तर उद्याच्या वाटंला हे टिकणार न्हाई, एवढंच म्हणाल्या.

मग माझे हात राखेनं घासले. मेंढीचंच दूध पिळून त्यांनी कोकराच्या अंगाला चोळलं, वर मीठ. मी मेंढीला गुडघ्यांत धरून बसले, मनातल्या मनात दोघांची माफी मागत. पायांना मुंग्या आल्या. दिवस बुडता बुडता तिनं मीठ चाटलं, मग पाठ चाटली. कोकरू तिच्या पोटाखाली शिरलं आणि त्याची शेपटी लटलट हलायला लागली. मला रडूच फुटलं.

सकाळी घोडी लादली. मी लांबच उभी होते. मालनबाई कोकराकडं बोट करून म्हणाल्या, "घे की आता उचलून. तुझ्या हाताला आमचाच वास हाय."

परतीच्या बसमध्ये शेजारची बाई सरकून बसली. घरी दार लेकीनं उघडलं, मिठी मारली, हुंगलं आणि म्हणाली, "आई, शी, कसला वास येतोय!"

पण सोडलं नाही.