शेपटीमागची जागा

शेडमधले सगळे त्यांना वहिनी म्हणत. नवरा तिथंच क्रेन चालवायचा, त्यामुळे कामावर आल्या त्या दिवसापासूनच त्या सगळ्यांच्या वहिनी झाल्या. गेल्या वर्षी नवऱ्याला झटका आला, उजवी बाजू लुळी पडली, बोलणं जवळजवळ गेलं, आणि क्रेनच्या केबिनमध्ये दुसरा माणूस बसू लागला. वहिनी मात्र वहिनीच राहिल्या. नवी मुलंही त्यांना तशीच हाक मारत. नेमक्या कुणाच्या वहिनी, हे त्यातल्या निम्म्यांना ठाऊकही नव्हतं.

शेडमध्ये रॉकेट आडवं निजवलेलं असे, नाक आतल्या भिंतीकडे आणि शेपूट मोठ्या दाराकडे. शेपटीला इंजिनाचं तोंड, एखाद्या प्रचंड घंटेसारखं. हे तोंड घट्ट बसवलेलं नसतं. दोन जॅक त्याला धरून असतात आणि ते थोडं थोडं चारी बाजूंना कलवतात. वर, जिथं हवाच नाही, तिथं पंख हलवून उपयोग नसतो. आगीच्याच जोरावर वळावं लागतं. तोंड डावीकडे कललं की आग डावीकडे जाते, शेपूट उजवीकडे ढकललं जातं आणि नाक डावीकडे वळतं.

हे नणंदेला समजावताना वहिनींनी एकदा लांब दांड्याचा झाडू तळहातावर उभा केला होता. तो कलू लागला की त्या खालून हात सरकवत, आणि झाडू उभाच्या उभा.

"माझा हात म्हणजे इंजिन," त्या म्हणाल्या.

"आणि हात उलटीकडे गेला तर?"

वहिनींनी हात उलटीकडे नेला. झाडू कपाटावर आपटला आणि वरचं पातेलं खाली आलं.

"कळलं," नणंद पातेलं उचलत म्हणाली. "पुन्हा नका दाखवू."

वहिनींचं काम म्हणजे हा हात उलटीकडे जात नाही ना, हे बघणं. शेपटीमागे जमिनीवर दोन पिवळी पावलं रंगवलेली होती. वहिनींनी त्यांवर उभं राहायचं, तोंडाकडे बघायचं. काचेपलीकडच्या खोलीतला माणूस बटण दाबून तोंडाला हुकूम देई, पण कुठला हुकूम दिला ते वहिनींना कळू देत नसत. आधी कळलं की डोळे तेच बघतात, म्हणून. त्यांनी फक्त दिसेल ते हेडफोनवर सांगायचं: वर, खाली, डावं, उजवं. मग खोलीतला माणूस म्हणे, "जुळलं." मागून बघणाऱ्याचा चेहरा आणि रॉकेटचं नाक एकाच दिशेला, त्यामुळे तुमचं डावं तेच त्याचं डावं. उलटसुलट करायचं काहीच नाही. वहिनी हे काम इतकी वर्षं करत होत्या की शब्द तोंडातून आपसूक येत.

खोलीत बसायचा त्याला सगळे बांबू म्हणत. उंच, किडकिडीत, आणि जिभेला हाड नाही.

"वहिनी, आज आवाजात साखर कमी पडली," तो त्या दिवशी चाचणीच्या आधी म्हणाला.

"चहा राहिलाय. तू बटण दाब."

रात्री नवऱ्याला झोप लागली नव्हती, म्हणून त्यांनाही नव्हती. पाय पिवळ्या पावलांवर होते आणि मन घरी. तरी त्या बोलत गेल्या आणि प्रत्येक वेळी बांबूचं "जुळलं" कानावर येत गेलं. चाचणी पार पडली. मॅडमनी, म्हणजे चाचणीच्या प्रमुखांनी, सही केली. दुसऱ्या दिवशी शेपटीवरचं झाकण चढलं, कडेनं सील लागलं. आता रॉकेट गाडीवर चढून पुढं जायचं तेवढं बाकी होतं.

त्याच संध्याकाळी वहिनी घरी नवऱ्याचा व्यायाम घेत होत्या. व्यायाम शिकवणाऱ्या बाईंनी सांगितलं होतं, समोर बसा आणि त्यांचा आरसा व्हा. त्यांनी उजवा हात उचलायचा असला तर तुम्ही तुमचा डावा उचला, तोंडानं मात्र उजवा म्हणा. पहिले काही दिवस वहिनींचा गोंधळ उडाला, मग ते अंगवळणी पडलं. रोज सकाळ-संध्याकाळ त्या आपला डावा हात वर करत आणि म्हणत, "उजवा."

नणंद शेजारीच भाजी निवडत बसली होती. भावाचं दुखणं निघाल्यापासून ती दिवसाआड येई.

"वहिनी, कात्री कुठाय?"

"उजवीकडे, फडताळात."

नणंदेनं उजवीकडचं फडताळ उघडलं, मग डावीकडचं. कात्री तिथं होती. "हे रोजचं झालंय हं तुमचं. परवा चहाची पूड अशीच शोधायला लावलीत. तुम्ही आता सगळ्या जगालाच आरशातून सांगता."

वहिनी हसल्या. पुन्हा डावा हात उचलून म्हणाल्या, "उजवा."

नवऱ्यानं हात उचलला नाही. तो त्यांच्याकडे बघत राहिला. शब्द शोधायला त्याला वेळ लागे, ओठ आधी हलत आणि आवाज मागाहून येई.

"कुणाचा?"

क्रेनवाल्यांचा हा नेहमीचा प्रश्न. खालून कुणी "डावीकडे घे" ओरडला की तो केबिनमधून आधी विचारायचा, कुणाचं डावं? तुझं की माझं? उत्तर मिळेपर्यंत ओझं हलायचं नाही. आजारपणानंतर आज पहिल्यांदाच त्यानं तो विचारला. एरवी वहिनींना आनंद झाला असता. पण त्यांचा उचललेला हात तसाच राहिला.

चाचणीत इंजिनाचं तोंड आपल्या डाव्या हाताला कललं तेव्हा आपण काय म्हणालो?

त्यांनी आठवून पाहिलं. चकचकीत कड सरकलेली दिसत होती, जॅकची कुरकुर ऐकू येत होती, बांबूचं "जुळलं" ऐकू येत होतं. स्वतःचा शब्द तेवढा ऐकू येत नव्हता.

"काय झालं?" नणंदेनं विचारलं.

वहिनींनी सांगितलं. नणंदेनं भाजी बाजूला सारली. "पण तो जुळलं म्हणाला ना? तुम्ही उलटं बोलला असता तर जुळलं कसं असतं?"

"जॅकच्या तारा नीट असत्या तर नसतं जुळलं. पण तारा उलट्या लागल्या असतील आणि मीही उलट बोलले असेन, तर जुळणारच."

"म्हणजे दोन चुका झाल्या तरी सगळं बरोबर?"

"खोलीत बरोबर. वर गेल्यावर नाही." वहिनींनी आवाज खाली आणला. "ते उजवीकडे ढळेल, म्हणून डावीकडे वळायला बघेल, आणि तोंड नेईल त्याला आणखी उजवीकडे. मग ते आणखी जोर लावेल. गरागरा फिरत खाली येईल."

नणंद मग जे बोलली ते वहिनींच्याही मनात आलेलंच होतं. "सांगितलंत तर तुम्हाला त्या जागेवर ठेवतील?"

शेपटीमागची ती एकच जागा कायम दिवसपाळीची होती. बाकी सगळ्यांना पाळ्या फिरत. दिवसपाळी होती म्हणून सकाळचा व्यायाम, संध्याकाळचा व्यायाम, रात्री उठून कूस बदलणं, हे सगळं जमत होतं. नणंद तिचं घर सोडून रात्री राहू शकत नव्हती, आणि तिनं राहावं असं वहिनींना वाटतही नव्हतं.

"इतकी वर्षं चुकला नाहीत," नणंद म्हणाली. "हे आपलं दमल्यामुळं वाटतंय तुम्हाला. आणि तारा लावणारा काय आंधळा आहे? तुम्ही चुकलात आणि तोही नेमका त्याच दिवशी चुकला, असं कुठं असतं का?"

बोलणं चुकीचं नव्हतं. वहिनी ते मनाशी घोळवू लागल्या. दमले होते. नेहमीसारखंच झालं असणार. मॅडमनी सही केली आहे. विचार असे एकावर एक रचत गेलं की बरं वाटायचं, आणि शेवटी पुन्हा तो न ऐकू येणारा शब्द आडवा यायचा.

नवरा दोघींचं ऐकत होता. त्यानं चांगला, डावा हात उचलला आणि पंजा उघडून त्यांच्यासमोर धरला. क्रेनवर हा इशारा कुणीही करू शकतो. झाडणारासुद्धा. पंजा दिसला की केबिनमधल्यानं थांबायचंच; का, ते मागाहून विचारायचं.

"अहो, पण तुमचं सगळं कोण बघणार?" वहिनी म्हणाल्या.

पंजा तसाच राहिला. शेवटी वहिनींनीच तो हात धरून खाली घेतला.

सकाळी त्या मॅडमच्या खोलीत गेल्या. मॅडम उभ्यानंच चहा पीत होत्या. वहिनींनी सगळं सांगितलं: आरसा, कात्री, न आठवणारा शब्द. मॅडमनी चहा खाली ठेवला आणि तो नंतर तसाच राहिला.

"चुकलात असं म्हणताय का?"

"नाही. माहीत नाही असं म्हणतेय."

"उद्या गाडी येतेय, वहिनी."

"हो."

मॅडम काचेतून शेपटीकडे बघत राहिल्या. झाकणाचे सगळे बोल्ट काढायचे, सील तोडायचं, जॅकना पुन्हा तेल आणि दाब द्यायचा, वरच्यांना कारण कळवायचं. "तारा लावणाऱ्यानं तारा बरोबर असल्याचं लिहून दिलंय," त्या म्हणाल्या. "पण नुसतं तेवढ्यावर भागत असतं तर तिथं माणूस कशाला उभा केला असता." मग त्यांनी फोन उचलला.

शेडमध्ये बातमी पसरायला वेळ लागला नाही. झाकण खोलणारे बोल्टचे पाने जरा जास्तच जोरात आपटत होते. तारा लावणारा वहिनींसमोरून गेला आणि त्यानं मान वळवली. बांबूला मात्र राहवेना.

"वहिनी, घरी जायच्या वाटेवर तरी नीट वळता ना? नाहीतर सोडायला येतो."

कुणीतरी हसलं. वहिनीही हसल्या, कारण न हसणं जास्त कठीण होतं. बांबूच्या लक्षात आलं. तो जवळ येऊन हळूच म्हणाला, "जेवलात का?" त्यांनी मान हलवली, ती हो की नाही ते त्यालाही कळलं नाही.

या वेळी बटणापाशी मॅडम स्वतः बसल्या आणि पिवळ्या पावलांवर बांबू उभा राहिला. वहिनी भिंतीपाशी. तोंड हललं. ते त्यांच्या डावीकडे सरकलं एवढं त्यांना दिसलं.

"डावं," बांबू म्हणाला.

वहिनी काचेपलीकडे मॅडमकडे बघू लागल्या.

"जुळलं," मॅडम म्हणाल्या.

मग उजवं, मग वर, पुन्हा डावं. सगळं जुळलं. तारा पहिल्यापासून बरोबर होत्या. म्हणजे वहिनीही त्या दिवशी बरोबरच बोलल्या होत्या. न ऐकू आलेला शब्द नेहमीचाच होता. त्या तिथल्या एका पेटीवर बसल्या. पाने आपटणाऱ्यांपैकी एकानं मोठा सुस्कारा सोडला. त्याचा अर्थ काढत बसायला वहिनींना वेळ झाला नाही, कारण मनात दुसरंच काही आलं होतं. त्या उठल्या.

"मॅडम, एकदा मला उभं राहू द्या."

"गरज नाही, वहिनी. झालंय काम."

"रॉकेटसाठी नाही. मला बघायचंय."

मॅडमनी थोडा विचार केला आणि मान डोलावली. बांबूनं हेडफोन काढून त्यांच्या हातात दिला. तो अजून त्याच्या कानांनी ऊबदार होता. वहिनी पावलांवर उभ्या राहिल्या. तोंड वर गेलं. "वर." जुळलं. तोंड उजवीकडे गेलं. "उजवं." जुळलं. मग ते डावीकडे सरकलं आणि वहिनी थबकल्या. एरवी त्या कधी थबकत नसत. हे माझं डावं. म्हणजे त्याचं? समोर एकदम घंटेच्या जागी नवऱ्याचा चेहरा आला, आणि हात वर जायला लागला.

"उजवं," त्या म्हणाल्या.

हेडफोनमध्ये मॅडमचा आवाज आला, अगदी साधा. "नाही, वहिनी."

संध्याकाळी मॅडमनी त्यांना बोलावलं. बसायला खुर्ची दिली. "त्या दिवशी बरोबर होतात," त्या म्हणाल्या. "पण आता मी तुम्हाला तिथं उभं करू शकत नाही. तुम्हीच दाखवलंत."

"कळतंय मला."

"जॅक दुरुस्तीच्या टेबलावर जागा आहे. पाळी फिरती आहे, ते मला माहीत आहे. वरच्यांशी बोलते. काय होईल ते सांगता येत नाही." आणि थोडं थांबून, "घरी कोण असतं?"

"बघते काहीतरी," वहिनी म्हणाल्या. दाराबाहेर आल्यावर त्यांना वाटलं, निदान खोटं तरी नाही बोलले. बघावं लागणारच होतं.

घरी नणंद वाट बघत होती. वहिनींनी चप्पल काढता काढताच सांगून टाकलं. नणंद रागावली, मॅडमवर, बांबूवर, आणि थोडी वहिनींवरही. "सगळं बरोबर होतं, तरी जागा गेली. मी म्हणत नव्हते?"

"म्हणत होतीस."

"मग?"

वहिनींनी चप्पल भिंतीकडे सरकवली. नणंद पदर खोचून ओट्याकडे वळली. भांडी घासता घासता म्हणाली, "रात्रपाळीचे दिवस आधी कळवा. मी काय जमतं ते बघते. रोज नाही जमायचं."

नवरा खिडकीपाशी बसला होता. त्याच्या डोळ्यांत प्रश्न होता, शब्द यायचा होता. वहिनींनी नेहमीची खुर्ची ओढली, समोर ठेवली, आणि उभ्याच राहिल्या. मग त्यांनी ती उचलून त्याच्या शेजारी, त्याच्याच दिशेला तोंड करून ठेवली. दोघांच्या समोर कपाटाचं बंद दार होतं.

"आजपासून असं," त्या म्हणाल्या. "माझा उजवा तो तुमचा उजवा."

त्यांनी आपला उजवा हात उचलला, आणि उचलताना मधेच थांबल्या, हाच ना, म्हणून त्याकडे पाहिलं. शेजारी त्याचा हात मांडीवरून जेमतेम सुटला, पुन्हा पडला. त्याचा चेहरा आता त्यांना दिसत नव्हता, म्हणून तो थकला की रुसला, ते कळेना.

"पुन्हा," वहिनी म्हणाल्या. "उजवा."