बँकेच्या भिंतीतला खिळा

माझी आई दहा वर्षं स्वतःच्या खोलीत झोपली नाही, कारण ती खोली बँकेची होती.

खोली आमच्याच घरात होती. पूर्वेला खिडकी, खिडकीबाहेर माड, आत पलंग, पलंगावर कोरी गादी. सगळं जिच्यासाठी केलं, ती मात्र ग्रिल लावलेल्या पडवीत डासांशी बोलत झोपायची. येणाराजाणारा मला विचारायचा, "म्हातारेक भायर कित्या रे ठेवलंस?" आणि मी गावभर बदनाम व्हायचो.

हे समजायला आमचा पूर्वेतिहास माहीत हवा. वडील एसटीत कंडक्टर. त्यांची बदली झाली की आमचाही संसार उचलला जायचा. देवगड, कणकवली, सावंतवाडी, पुन्हा कणकवली. प्रत्येक गावात भाड्याची खोली, आणि प्रत्येक घरमालकाची एकच अट: भिंतीला खिळा मारायचा नाही. (भाडं थकलं तर चालायचं, पण खिळा नाही. त्या खिळ्याने सगळं घर कोसळेल अशी प्रत्येक मालकाची समजूत असावी.) त्यामुळे आमचा आरसा पिठाच्या डब्याला टेकून उभा, देव फळीवर टेकून उभे, आणि वडील गेल्यावर त्यांचा फोटोही कपाटावर टेकून उभा. ज्या माणसाने जन्मभर गाडीत उभं राहून तिकिटं फाडली, त्याला मेल्यावरही टेकायला भिंत मिळेना, याचं आईला फार वाईट वाटायचं.

म्हणून मी मालवणच्या जरा बाहेर घर बांधलं. कर्ज वीस लाख, मुदत वीस वर्षं. गृहप्रवेशाच्या दिवशी मी मोठ्या ऐटीत आईच्या हातात हातोडी दिली आणि म्हटलं, "मार खंय व्हयो थंय खिळो."

आईने हातोडी खाली ठेवली. "ह्या घर कोणाचा?"

"आपला."

"मगे हप्तो कोणाक भरतलंस?"

"बँकेक."

"म्हणजे बँकेचा. लोकांच्या भिंतीक खिळो मारूचो नाय."

मी समजावलं, बायकोने, सुगंधाने, समजावलं. आई ऐकेना. शेवटी तिनेच तोडगा काढला. मी पेपर वाचत होतो, तिने विचारलं, "वीस वर्सांचा कर्ज मा? मगे धा वर्सांनी अर्धा घर आपला झाला."

"व्हय," मी पेपरातून मान वर न काढता म्हणालो.

इथे सांगायला हवं की मी ओरोसला सरकारी कचेरीत लेखा विभागात आहे. लोकांच्या प्रवासभत्त्याच्या बिलातले साडेतीन रुपये पकडून मी ती बिलं परत पाठवतो. कचेरीतला कोणीही कर्ज काढायचं झालं की आधी माझ्या टेबलाशी येतो. तेव्हा माझं 'व्हय' म्हणजे आमच्या घरात शासकीय शिक्काच.

त्या शिक्क्यावर आईने घराची वाटणी केली. पहिल्या दोन वर्षांचे हप्ते पडवीचे. तिसऱ्या वर्षाचे न्हाणीघराचे. पुढच्या चार वर्षांचे स्वयंपाकघराचे. त्यानंतरच्या तीन वर्षांचे तिच्या खोलीचे. हॉल आणि आमची खोली मागाहून, "तुमका घाई काय आसा?" म्हणून. प्रत्येक खोली सुटली की नारळ फुटायचा आणि पहिला खिळा ठोकला जायचा. पडवी सुटेपर्यंत दोन वर्षं आई हॉलमध्ये पाहुण्यासारखी अंग चोरून झोपली. पडवी सुटली त्या संध्याकाळी खाट बाहेर काढून ती अशी आडवी झाली की जणू संस्थान मिळालं.

वडिलांचा फोटो मात्र कपाटावरच. पडवीत लावूया म्हटलं, तर "तेंका ऊन लागात." स्वयंपाकघर सुटल्यावर तिथे म्हटलं, तर "तेंका फोडणीचो ठसको लागता." (फोटोला!) त्यांची जागा ठरलेली होती. तिच्या खोलीत, पलंगासमोर, खिडकीच्या बाजूच्या भिंतीवर. तो एक खिळा मारायचा आणि मग त्या खोलीत झोपायचं, एवढंच तिला हवं होतं, आणि त्यासाठी ती हप्ते मोजत बसली होती.

मध्ये एकदा बँकेचा संदेश आला. व्याजदर वाढला आहे, मात्र आपला हप्ता तोच राहील. मी कचेरीतल्या सगळ्यांना तो वाचून दाखवला आणि घरी येताना अर्धा किलो गोड खाजं आणलं. "बँक आपल्याक ओळखता," मी सुगंधाला म्हणालो. त्या संदेशात खाली आणखी एक ओळ होती. खाजं खाताना ती वाचायची राहिली.

असं करता करता दहा वर्षं भरली. आईची खोली सुटली. मिठबावची मावशी दोन दिवस आधीच आली. देवाला गाऱ्हाणं घालायला शेजारचे बाबलकाका ठरले. कोंबडीवड्यांचा बेत ठरला. आणि मग आई म्हणाली, "बँकेच्या सायबाक बोलव."

"तो कित्याक?"

"अरे, खोली सोडून कोण देता? बँक. मगे सोडतलो तो नको? आम्ही खोल्यो सोडल्यो तेव्हा मालकाच्या हातात चावी देवन सोडल्यो. ह्यो आता मालक. तेनी येवन आपल्या तोंडान सांगूक व्हया."

मी बँकेत गेलो. कर्जविभागाचे जाधवसाहेब घाटावरून नुकतेच बदलून आलेले, तिशीतले, सज्जन. जेवायचं आमंत्रण ऐकून ते थक्कच झाले. कर्जविभागातल्या माणसाला कर्जदार आपणहून घरी बोलावतो हा त्यांचा पहिलाच अनुभव असावा. "नक्की येतो," म्हणाले. निमित्त काय ते त्यांनी विचारलं, मी म्हटलं, "कर्जाचंच, पण आनंदाचं."

आले ते पेढे घेऊन. आईने त्यांना पाटावर बसवलं, टिळा लावला, शाल दिली. खोलीचं दार फुलांनी सजवलेलं. दारात तांदूळ, त्यावर नारळ, बाजूला हातोडी, खिळा आणि वडिलांचा फोटो. बाबलकाकांनी डोळे मिटून हात जोडले.

"बा देवा म्हाराजा! आज ह्या घरात तुज्या म्होरे ह्यो नारळ ठेवलेलो आसा म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" आम्ही सगळे.

"ह्या लेकरान पोटाक चिमटो काडून धा वर्सां हप्ते भरले म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" यात जाधवसाहेबांचाही आवाज होता. हप्त्यांच्या बाबतीत त्यांची तक्रार नव्हती.

"त्या हप्त्यांनी अर्धा कर्ज फिटला, अर्धा घर सुटला म्हाराजा!"

"व्हय म्हा..."

"नाही हो," जाधवसाहेब म्हणाले.

आमच्या पंचक्रोशीत गाऱ्हाण्याला आजवर कोणी नाही म्हटलेलं नाही. बाबलकाकांनी एक डोळा उघडला. मावशी हळूच म्हणाली, "तेंका समाजला नसात. घाटावरचे मा."

पण साहेबांना समजलं होतं. देवासमोर खोटं कसं बोलायचं म्हणून बिचारे कळवळून म्हणाले, "अर्धं नाही फिटलं. साडेपंधरा लाख बाकी आहेत."

"विसातले?" मी विचारलं. (लेखा विभाग!)

"हो."

"पण बावीस लाख भरून झालेत आमचे!"

"बरोबर. त्यातले साडेचार मुद्दलात गेले. बाकी व्याज."

 आईने विचारलं, "सायबा, माका समजात असा सांगा." साहेब पाटावरून उठून तिच्या शेजारी बसले. "आजी, प्रत्येक हप्त्यातून बँक आधी व्याज काढून घेते. उरेल ते कर्जातून वजा होतं. सुरुवातीला फार थोडं उरतं."

"म्हणजे आमच्या नारळ पाडतल्या गड्यासारखा. तो पयले आपले नारळ बाजूक काडता."

"अगदी तसंच!" साहेबांना हायसं वाटलं.

"तो धा नारळांत एक घेता. तुमी किती घेतास?"

साहेबांनी शाल नीट केली. "सुरुवातीला... आठ, साडेआठ."

"आणि माडार चडूची पण गरज नाय तुमका," आई म्हणाली. रागाने नव्हे, नुसती नोंद केल्यासारखी.

मग तिने सरळ प्रश्न केला: आमचं काय आहे ते दाखवा. साडेचार लाखांत किती घर बसतं? साहेब माझ्याकडे बघू लागले, मी जमिनीकडे. शेवटी दोघांनी मिळून तोंडी हिशेब केला आणि वरात घरभर फिरली. पडवी आमची. न्हाणीघर आमचं. स्वयंपाकघरात साहेब थबकले आणि त्यांनी हाताने हवेत एक रेघ मारली. "साधारण... ओट्यापर्यंत."

ओटा आमचा. फ्रिज बँकेच्या हद्दीत. आणि फ्रिजच्या वर कॅलेंडर, घड्याळ आणि सुगंधाच्या ॲप्रनचा खिळा.

आईचा चेहरा पडला. ती मला म्हणाली, "दिगू, पकड घेवन ये. लोकांच्या भिंतीत तीन खिळे मारले आपण." तिच्या आयुष्यात असा गुन्हा झाला नव्हता. ती खरोखर स्टुलावर चढायला लागली. साहेब विनवू लागले, "आजी, राहू दे, बँकेची काही हरकत नाही." आई म्हणाली, "तुमची नसात. माजी आसा." घड्याळ खाली आलं. कॅलेंडर खाली आलं. त्या गडबडीत मावशीने मला विचारलं, "मगे सगळा फिटाक एकूण किती जातले रे?"

मी साहेबांकडे पाहिलं. ते म्हणाले, "अजून बारा वर्षं."

"दहा," मी म्हटलं.

"बारा. दर वाढला तेव्हा हप्ता नाही वाढवला, मुदत वाढवली. तसा संदेश पाठवला होता तुम्हाला."

खाजं आठवलं. मी मनात गुणाकार केला, आणि दहा वर्षांपूर्वी जो पेपर बाजूला ठेवून करायला हवा होता तो आता घामाघूम होऊन पूर्ण केला. "जवळजवळ साडेअठ्ठेचाळीस लाख."

"विसाच्या घराक?" मावशी म्हणाली.

आई स्टुलावरूनच म्हणाली, "म्हणजे अडीच घरां. एक ह्या. बाकीचा दीड खंय आसा?"

 वडे थंड होत होते. आई स्टुलावरून उतरली, आपल्या खोलीच्या दाराशी गेली आणि उंबऱ्याबाहेर उभी राहिली. "माजी खोली कदी सुटात?"

"अजून सहा वर्सां," मी म्हणालो. यावेळी हिशेब करून.

"तवसर मी चौऱ्याऐंशीची," ती म्हणाली. "मगे दोन खिळे हाडून ठेव. एक तेंका, एक माका."

 मला तर त्या क्षणी रडूच यायचं बाकी होतं. दहा वर्षं मी हप्ता एक दिवसही चुकवला नव्हता, आणि दहा वर्षं त्या हप्त्याच्या पोटात काय आहे हे एकदाही बघितलं नव्हतं. त्याचं भाडं म्हातारीने डासांना दिलं होतं.

मग आईने पदर सावरला आणि जाधवसाहेबांकडे वळून, घरमालकाशी बोलायचा तिचा जुना, अदबीचा आवाज काढला. "सायबानु, खोली तुमची. एक खिळो मारू काय? एकच. आमच्या माणसाक टेकाक जागा नाय."

साहेबांनी घाईघाईने हात जोडले. कर्जविभागात याचं प्रशिक्षण देत नसावेत. "आजी, काय बोलताय? मारा की. तुमचंच घर आहे हे!"

बाबलकाका इतका वेळ जोडलेले हात तसेच धरून उभे होते. त्यांनी संधी सोडली नाही. "बा देवा म्हाराजा! मालकान आपल्या तोंडान सांगल्यान, खोली आजयेची म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" सगळे ओरडले. साहेबांनी तोंड उघडलं, आईकडे बघितलं आणि हळूच म्हणाले, "व्हय म्हाराजा."

"आणि ह्या लेकरान हिशेबात जी काय चूक केल्यान, ती पोटात घाल म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" यात सर्वांत मोठा आवाज सुगंधाचा होता.

साहेबांनी स्टूल धरलं, आईने खिळा ठोकला. तिसऱ्या ठोक्याला थोडा गिलावा पडला. वडील जन्मात पहिल्यांदा भिंतीवर बसले, जरा तिरके, गाडी वळणावर असल्यासारखे. आई त्या रात्री स्वतःच्या खोलीत झोपली आणि सकाळी आठपर्यंत उठली नाही.

जाताना साहेब एक गोष्ट सांगून गेले. हप्त्याच्या वर जे काही भराल, ते थेट मुद्दलात जातं. महिन्याला तीन हजार जादा भरलेत तर शेवटची जवळजवळ तीन वर्षं उडतील. मी म्हटलं, बघू, दिवाळीनंतर विचार करू. आईने विचार तिथेच केला. तिच्या खोलीला मालकाची तोंडी परवानगी होती. आमच्या खोलीला नव्हती. तेव्हा लोकांच्या खोलीत झोपायचं तर भाडं द्यायला हवं, महिना तीन हजार, आगाऊ, तिच्या हातात. ते घेऊन ती दर पाच तारखेला रिक्षाने बँकेत जाते, जाधवसाहेबांच्या समोर बसून मुद्दलात भरते आणि पावती वडिलांच्या फोटोमागे खोचते. साहेब तिला चहा देतात. मला अजून दिलेला नाही.

या महिन्यात मात्र भाडं थकलं. गाडीचा विमा आला होता, मी तसं सांगून पाहिलं. सुगंधाची काही चूक नाही म्हणून ती आतच आहे. मी हे सगळं पडवीत, आईच्या जुन्या खाटेवर बसून लिहितो आहे. डास फार आहेत, पण जागा स्वतःच्या मालकीची आहे.