साहेबांच्या खुर्चीची जप्ती

दोघी जावा मिळून शिवणाचा कारखाना चालवत. थोरली मोजून बोलणारी, धाकटी बोलून मग मोजणारी. धंदा खरा नवऱ्यांनी उभा केलेला. पण थोरलीचा नवरा गेला, धाकटीच्या नवऱ्याचे डोळे अधू झाले, तेव्हापासून कात्री थोरलीच्या हातात आणि फोन धाकटीच्या.

सरकारी इस्पितळांना चादरी आणि पडदे पुरवायचं कंत्राट मिळालं, तेव्हा धाकटीने शिवणाऱ्या सगळ्या बायकांचं तोंड गोड केलं. माल गेला, पोच मिळाली, बिल मात्र अडकलं. खात्याचं म्हणणं, कापडाचा रंग जातो. थोरलीने पुरवठा कचेरीत खेटे घातले. व्हरांड्यातल्या बाकावर ती तासन्‌तास बसे. आतले साहेब बदलत गेले. प्रत्येक जण मान डोलवून म्हणे, बघतो.

शेवटी दोघी वकीलबाईंकडे गेल्या. त्यांनी करार उलटापालटा करून पाहिला.

"थेट दावा लावता येणार नाही. शेवटच्या पानावर कलम आहे. वाद झाला तर तो लवादाने, म्हणजे पंचाने मिटवायचा. आणि पंच नेमणार खात्याचे प्रमुख."

"भांडण त्यांच्याशी आणि पंचही त्यांच्याच घरचा?" धाकटी थोरलीकडे वळली. "ताई, सही करताना हे वाचलं नव्हतंस?"

"सही तुझी आहे," थोरली म्हणाली.

वकीलबाईंनी वाट काढली. पंच तटस्थ हवा, एवढंच त्यांनी कोर्टाकडे मागितलं आणि कोर्टाने एक निवृत्त न्यायाधीश नेमले. भाड्याच्या एका खोलीत लांब टेबलाभोवती सुनावणी सुरू झाली. थोरलीची पाळी आली, तेव्हा न्यायाधीशांनी सरळ विचारलं, "रंग जातो हे खरं का?"

"पडद्यांचा नाही जात," थोरली म्हणाली. " शेवटच्या खेपेतल्या निळ्या चादरींचा जातो. रंगाऱ्याने आम्हाला फसवलं. पण माल आमच्या नावाने गेला."

वकीलबाईंनी हातातलं पेन खाली ठेवलं.

जिन्यात धाकटीने तिला धारेवर धरलं. "इतकं सविस्तर तुला कुणी विचारलं होतं?"

"त्यांनीच विचारलं होतं."

निवाडा लागला. निळ्या चादरींचे पैसे कापले, उरलेलं बिल व्याजासह द्यायचा हुकूम झाला. थोरलीच्या खरेपणाचं कौतुक त्यात कुठेही नव्हतं. वजाबाकी मात्र चोख होती. धाकटी बरेच दिवस तिच्याशी कामापुरतंच बोलली.

निवाडा हातात आला म्हणून पैसा हातात येत नाही. खात्याने निवाड्याविरुद्ध कोर्टात दादही मागितली नाही आणि रक्कमही दिली नाही. इकडे कारखान्यातली यंत्रं एकेक करून विकावी लागली. पगार थकले तशा बायका दुसरीकडे गेल्या. वकीलबाईंनी वसुलीसाठी अर्ज केला आणि कोर्टाने कचेरीतलं सामान जप्त करायचा आदेश काढला.

जप्तीच्या दिवशी कोर्टाच्या बेलिफाबरोबर दोघी कचेरीत शिरल्या. "काय काय उचलायचं ते तुम्ही दाखवा," बेलिफ म्हणाला.

"खुर्चीपासून सुरुवात करा," धाकटी म्हणाली.

खुर्चीतले साहेब नुकतेच बदलून आलेले, वयाने लहान. ते उठले आणि खुर्चीच्या पाठीवरचा स्वेटर काढून हातात घेऊन उभे राहिले. "मी ही फाइल अजून पाहिलेलीही नाही," ते हळू आवाजात म्हणाले. "आठ दिवस द्या."

धाकटीने थोरलीकडे पाहिलं. तिची भीती एकच होती, ताई आता विरघळणार.

"साहेब, दोष तुमचा नाही," थोरली म्हणाली. "तुमच्या आधीचेही तेच सांगायचे, आणि तेही खोटं नसेल. मग मी जायचं कोणाकडे?"

खुर्ची गेली, कपाटं गेली. बेलिफाची माणसं व्हरांड्यातल्या बाकाला हात घालू लागली. त्यावर मांडीवर फाइल घेतलेला एक म्हातारा बसला होता.

"ते राहू द्या," थोरली म्हणाली. "लोकांना बसायला लागतं."

त्यानंतर थोड्याच दिवसांत पैसे जमा झाले. धाकटी ही गोष्ट येईल त्याला सांगू लागली, आणि प्रत्येक वेळी साहेबांचा चेहरा थोडा जास्त पडू लागला. ती सुरू झाली की थोरली उठून कापड बेतायला जाई. स्वेटर धरून उभ्या राहिलेल्या त्या माणसासमोर आपल्याला जिंकल्यासारखं का वाटलं नाही, हे तिला कुणाला सांगता आलं नसतं.

पैसे आल्यावर थोरली सोडून गेलेल्या बायकांच्या घरी गेली आणि थकलेले पगार चुकते केले. सगळ्यात सफाईदार हात ज्या बाईचा, तिने पैसे घेतले, चहा केला, आणि म्हणाली, "आता तिकडे माझी घडी बसली आहे, बाई."

"बरं केलंस," थोरली म्हणाली. तिला खरंच तसं वाटलं, आणि वाईटही वाटलं.

कारखान्यात परतली तेव्हा धाकटी एकटीच होती. विकलेल्या यंत्रांच्या जागा उघड्या पडल्या होत्या.

"ताई, हे असं विखुरलेलं बघवत नाही," धाकटी म्हणाली. "एका बाजूला घेऊ या सगळं?"

दोघींनी पदर खोचले आणि उरलेली यंत्रं खिडकीकडे ओढत नेली. तिकडे उजेड चांगला होता.