व्हाळातली तांबडी रेघ

गजामास्तर गेल्याची बातमी मला फिनेल मागायला आलेल्या माणसाने दिली. सकाळची गिऱ्हाइकं नुकतीच पांगली होती आणि मी दुकानातल्या काचा पुसत होतो, तेवढ्यात हायस्कुलातला शिपाई आला. "भाऊनू, एक फिनेलची बाटली दिया. मोठी." मी बाटली काढली, कागदात गुंडाळली, आणि सहज विचारलं की आज शाळेत काय काढलंय. तो म्हणाला, "गजामास्तर गेले. खुर्चेर बसले थंयच. हेडमास्तरांनी खोली धुवक सांगल्यानी हा." त्याने बाटली काखोटीला मारली आणि गेला. माझा बालमित्र गेला होता, आणि तो जिथे बसला होता ती जागा धुवायचं औषध मीच बांधून दिलं होतं... त्या दिवसापासून कोणी फिनेल मागायला आलं की मी संपलं म्हणून सांगतो. औषधांच्या दुकानदाराला हे परवडत नाही, पण सांगतो खरं.

गजा आणि मी मालवणात एका आळीत वाढलो; गावाला मी भाऊ, त्याला बापू. तो पुण्याला जाऊन दगडांचं शास्त्र शिकून आला. मोठ्या नोकरीच्या गोष्टी चालल्या होत्या, पण वडील अंथरुणाला खिळले म्हणून परतला आणि इथेच हायस्कुलात भूगोल शिकवू लागला. पोरं त्याला 'फातरमास्तर' म्हणत. फातर म्हणजे आमच्याकडे दगड. नाव त्याला आवडायचं. मी मात्र वडिलांच्या औषधांच्या दुकानात वाढलो, त्यामुळे घाणीचं मला लहानपणापासून वावडं. चलनी नोट हातात घेतली तरी मी हात धुतो. देवाने अशा माणसाच्या गळ्यात मित्र बांधला तो दगड चाटणारा! होय, चाटणारा. रस्त्यात कुठेही दगड दिसला की गजा उचलायचा, धोतराच्या सोग्याला पुसायचा आणि जीभ लावायचा. लहान मुलाने आईस्क्रीम चाटावं तसा, अगदी चवीने. मला शिसारी यायची. मी ओरडलो की तो थंडपणे सांगायचा, "अरे मेल्या, सुको फातर मुको आसता. ओलो केल्यार बोलता." ओल्या दगडातले कण आणि रेषा उठून दिसतात, हे मलाही कळत होतं. पण मग पाणी कशाला केलंय? असं विचारलं की म्हणायचा, पाणी शोधीपर्यंत माझो जीव ऱ्हवाचो नाय.

वडिलांची एक जुनी मोटार माझ्याकडे होती. तिच्या गाद्यांवर मी पांढऱ्या खोळी घालून ठेवल्या होत्या. त्या खोळींचा सत्यानाश गजाने एका दिवाळीच्या सुट्टीत केला. स्वातंत्र्य येऊन सात-आठ वर्षं झाली असतील. आपल्या मुलखाचा दगड वरपासून खालपर्यंत एकदा नजरेखालून घालायचा, असं त्याच्या मनाने घेतलं होतं आणि त्याला गाडी हवी होती. माझी गाडी म्हणजे मीही आलोच. वर देवगडापासून सुरुवात केली. तिथे सड्यावर, म्हणजे डोंगरमाथ्याच्या सपाटीवर, जांभा दगड आणि त्याच्या पोटात काळा कातळ. हा काळा दगड म्हणजे एके काळी जमीन फाटून वर आलेला आगीचा चिखल, असं गजा मला बंदरावर उभं राहून सांगत होता. मी नाकाला रुमाल लावून ऐकत होतो, कारण शेजारी सुकत घातलेल्या मासळीवर माश्यांचं राज्य होतं. त्याला वास येत नव्हता. आगीचा चिखल म्हणताना त्याच्या तोंडाला पाणी सुटल्यासारखं दिसत होतं, आणि शेवटी त्याने तो चिखल चाटलाच.

धामापूरला तर कहर केला. तळ्याकाठी भगवतीच्या देवळाजवळ आम्ही डबे सोडले. जेवून उठतो तोच हा घाटाच्या पायरीवर पालथा पडून पायरीला जीभ लावतोय. मी किंचाळलो, "गजा, मेल्या, थंय लोकां आंघोळ करतत रे!" त्याने मान वर केली. "मगे काय झाला? धुतलेलोच फातर मां." देवळातून बाहेर आलेल्या एका बाईने आम्हा दोघांकडे असं पाहिलं की मी गाडीत जाऊन काचा वर करून बसलो.

त्या सफरीत त्याला आणखी एक खूळ होतं. फार प्राचीन काळी हिंदुस्थानच्या काही भागांवर बर्फाच्या नद्या सरकत गेल्या आणि त्यांनी खालचे खडक खरवडून काढले, असं तो शिकला होता. तसे ओरखडे आपल्याकडेही सापडले तर, असा त्याचा जीव टांगलेला. वास्तविक मालवणच्या माणसाला बर्फ माहीत तो मासळीच्या पेटीतला! वर्गातल्या पोरांना ते ओरखडे कसे पडतात हे दाखवायला त्याने एकदा बंदरावरून बर्फाची लादी माझ्याच गाडीतून शाळेत नेली होती. खाली वाळू चिकटवून ती मऊ दगडावरून ओढली आणि दगडावर बारीक चरे उठले, तेव्हा पोरांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या डिकीतून बांगड्याच्या वासाचं पाणी पुढे कितीतरी दिवस ठिबकत होतं. तर सफरीत एका कातळाच्या उतारावर त्याला समांतर जाणाऱ्या दोन लांब खाचा दिसल्या. गाडी थांबेपर्यंत धीर नव्हता, उडीच मारली. गुडघ्यांवर बसून तो खाच बोटाने चाचपत होता आणि डोळ्यांत पाणी. "बापू रे, बर्फ! बर्फ इललो हंय!" मी जवळ जाऊन पाहिलं. खाचेत ताजं शेण होतं. बर्फाच्या नदीला बैल कुठले? गाड्यांची चाकोरी होती ती. गजाने शेणाकडे बघितलं, आणि तो इतका हसला की मलाही किळस विसरून हसावं लागलं.

शेवटचा टप्पा इन्सुली. तेव्हा गोवा अजून पोर्तुगिजांच्या हातात होता, आणि नाक्यावर पोलीस कडक. डिकी उघडायला लावली. "हे काय आहे?" "दगड," गजा म्हणाला. "कसले दगड?" "वेगवेगळे." पोलिसाला वाटलं आत सोनं दडवलंय. त्याने एक उचलून आपटायला हात वर केला, तसा गजाने तो हातातून काढून घेतला, चाटला, आणि ओल्या बाजूचे कण त्याच्या नाकासमोर धरून त्याला समजावू लागला. पोलीस दोन पावलं मागे सरला आणि म्हणाला, "जावा, जावा." माघारी वळताना गजा पलीकडच्या डोंगराकडे बघत होता. "ह्योच फातर थंय पण आसा. पण थंयचो माका चाटूक मेळूचो नाय," म्हणाला.

परतीच्या वाटेवर घाटाच्या पायथ्याशी एका व्हाळात त्याला ती जागा सापडली. व्हाळ म्हणजे ओढा. पाण्याने कापलेल्या दरडीत खाली पांढुरका, फार जुना, वाळूचा घट्ट झालेला दगड होता. वर आगीच्या चिखलाचा काळा. आणि दोहोंच्या मधोमध विटेसारखी भाजलेली एक तांबडी रेघ, बोटभर जाडीची. वरून तापलेला चिखल आला तेव्हा खालची माती भाजून निघाली, ती ही. गजाने एक तळवा खाली ठेवला, एक वर. "बापू, हंय हात लाव. खालचो झालो आणि वरचो इलो, ह्येच्यामधी किती काळ गेलो तो कोणाक सांगूक येवचो नाय. तो सगळो काळ ह्या रेघेत आसा." त्या दिवशी पहिल्यांदा त्याने दगडाला हातोडा लावला नाही. तुकडा घे की एक, असं मीच म्हटलं, तर माझ्यावर डोळे वटारले. मी त्या रेघेला हात लावला. अंगावर काटा आला हे लिहायला मला लाज नाही. नंतर मी व्हाळात हात धुतला, तो भाग वेगळा.

पुढची कित्येक वर्षं गजा त्या एका जागेसाठी जगला. पोरांना घेऊन जायचा, पुण्याला पत्रं लिहायचा. जाणकारांनी येऊन बघावं, जागेची नोंद व्हावी, कोणी हात लावू नये अशी व्यवस्था व्हावी, एवढंच त्याचं मागणं. अखेर एक प्राध्यापक यायला कबूल झाले. पावसाळा संपला होता, दरडीवर शेवाळ साचलं होतं. प्राध्यापकांची नजर अधू आहे असं गजाने ऐकलेलं. तेव्हा आदल्या आठवड्यात तो गेला, नारळाच्या सोडणाने दरड घासून स्वच्छ केली आणि रेघ चटकन दिसावी म्हणून तिच्या वर आणि खाली चुन्याचा एकेक पट्टा ओढला. सरळ, फळ्यावर ओढावा तसा.

त्याच सुमाराला घाटाचा रस्ता रुंद करायचं काम निघालं होतं. आणि रस्त्याच्या कामावर चुन्याची खूण म्हणजे एकच अर्थ, हा दगड फोडा. ओव्हरसीयर चुना मारून जातो, मागून सुरुंगवाले येतात... आम्ही प्राध्यापकांना घेऊन पोहोचलो तेव्हा दरडीच्या जागी खड्डा होता. मुकादम कौतुकाने सांगत होता, "इतकी सरळ रेघ! म्हटला, सायबान सोता मारल्यान असतली." त्याचा काय दोष? ओव्हरसीयरचा काय दोष? कंत्राटदाराला मात्र गजा या जागेबद्दल तीनदा भेटला होता आणि तिन्ही वेळा त्याने चहा पाजून मान डोलावली होती. तो म्हणाला, "मास्तरांनू, फातरच तो. व्हयो तितको घेवन जावा, डोंगर भरून आसा." प्राध्यापकांनी घड्याळ बघितलं, हळहळले, आणि मालवणात जेवणाला चांगली सुरमई कुठे मिळेल ते मला विचारलं. राग काढायला धड एक माणूस नव्हता. म्हणून मला रागाऐवजी ओकारी आल्यासारखं झालं, आणि ती भावना आजतागायत गेलेली नाही.

गजा रस्त्याकडेला खडी फोडणाऱ्या बायकांच्या ढिगांत जाऊन बसला. एकेक तुकडा उचलून बघायचा, टाकायचा. बोटांना चिंध्या गुंडाळलेली एक म्हातारी हातातली हातोडी थांबवून म्हणाली, "मास्तरांनू, काय हरवला तुमचा?" गजा म्हणाला, "रेघ. तांबडी." बाकीच्या हसल्या. ती हसली नाही. मागे वळली आणि टाकाऊ ढिगातून मुठीएवढा तुकडा काढून त्याच्या पुढ्यात धरला. "ही काय? ह्यो कच्चो म्हणान फेकललो." खाली पांढुरका, वर काळा, मध्ये रेघ. रस्त्याच्या कामाचा नाही म्हणून तेवढा वाचला होता. बाकी सगळी रेघ आता डांबराखाली आहे आणि तिच्यावरून मोटारी जातात.

तो तुकडा गजाने घरी नेला नाही, माझ्या दुकानाच्या टेबलावर ठेवला. मी तो दर शनिवारी डेटॉलने धुऊ आणि डॉक्टरांच्या चिठ्ठ्या त्याच्याखाली ठेवू लागलो. शाळा सुटली की गजा रोज यायचा, तो हातात घ्यायचा, वजन करावं तसा खालीवर करायचा आणि परत ठेवायचा. चाटायचा मात्र नाही. त्या दिवसानंतर मी त्याला एकही दगड चाटताना पाहिला नाही. ज्या सवयीची मला इतकी किळस होती ती सुटली, तर मला बरं वाटायला हवं होतं ना? मला ते बघवत नसे. एकदा मीच चिडवून पाहिलं, "चाट की रे, धुतलेलो आसा." त्याने हसून दगड चिठ्ठ्यांवर परत ठेवला.

गेल्या आठवड्यात शाळेत, गजाच्याच वर्गात, शोकसभा झाली. अध्यक्ष कोण, तर तोच कंत्राटदार! आता तो गावचा प्रतिष्ठित माणूस आहे, सभेपुरती शुद्ध मराठी बोलतो. भाषणाच्या ओघात त्याने तो किस्सा सांगितला. विनोद म्हणून. "मास्तरांनी स्वतः चुना मारून दिला, आमच्या माणसांनी सुरुंग लावला! असे भोळे होते आपले मास्तर." आणि सभा हसली. हेडमास्तर हसले, गजाचे विद्यार्थी हसले, पहिल्या रांगेतली त्याची बायको मान खाली घालून बसली होती. मग त्याने जाहीर केलं की दगडांवर प्रेम करणाऱ्या या माणसाच्या नावाने शाळेत एक पाटी लावू. संगमरवराची, खास राजस्थानातून मागवून. टाळ्या पडल्या. खोलीला अजून माझ्या दुकानातल्या फिनेलचा वास येत होता. मी उठलो आणि कोणाकडे न बघता बाहेर पडलो. आजवर मी शेणाला, मासळीला, चाटलेल्या दगडांना नावं ठेवली. खरी घाण कशाला म्हणतात ते मला त्या स्वच्छ धुतलेल्या खोलीत कळलं.

दुकान उघडून दिवा लावला. टेबलावर तो तुकडा होता, पण गजा गेल्यापासून मीही हात न लावल्याने त्याच्यावर धूळ बसली होती आणि दिव्याच्या उजेडात रेघ काही केल्या दिसेना. पुसला तरी दिसेना. सुको फातर मुको आसता. हाताशी डिस्टिल्ड पाण्याची बाटली होती, बूचही काढलेलं. मी बाटली बाजूला सारली आणि दगडाला जीभ लावली. डेटॉल, धूळ आणि मागे कुठेतरी भाजलेल्या मातीची चव. रेघ झर्रकन वर आली, तांबडी, जशीच्या तशी... "भाऊनू," असा आवाज आला म्हणून मी मान वर केली. खोकल्याचं औषध न्यायला आलेली एक बाई फळीपलीकडे उभी होती. पदर तोंडाला लावून, नाक आक्रसून, ती माझ्याकडे बघत होती. ते तोंड माझ्या चांगल्याच ओळखीचं होतं. गजाने तसंच माझं तोंड वर्षानुवर्षं बघितलं होतं. मी तिला औषध दिलं आणि ती दिसेनाशी होईपर्यंत दगड हातातच धरून बसलो. हात धुतले नाहीत.